भाडेकरू, घरमालक आणि नव्वद दिवस : वाचकांच्या प्रश्नांना उत्तरे

भाड्याच्या जागांविषयी आलेली पत्रे साठत गेल्यामुळे या वेळचे सदर केवळ त्यांच्यासाठी ठेवले आहे. पत्रलेखकांची नावे आणि ओळख पटेल असे तपशील वगळले आहेत. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ हा कायदा ३१ मार्च २००० पासून लागू आहे. त्यापूर्वी मुंबई व पश्चिम महाराष्ट्रात १९४७ चा मुंबई भाडे कायदा, विदर्भात १९४९ चा मध्य प्रांत व वऱ्हाडचा आदेश आणि मराठवाड्यात १९५४ चा हैदराबादचा कायदा होता. खालील उत्तरे या नव्या कायद्याला धरून आहेत. गोव्यातून आलेल्या दोन पत्रांना मात्र ती लागू पडणार नाहीत, कारण तेथे १९६८ चा स्वतंत्र कायदा आणि भाडे नियंत्रकाची स्वतंत्र यंत्रणा आहे. त्या वाचकांनी येथे दिलेल्या मुदतींवर विसंबू नये.

प्रश्न : पुण्यात नारायण पेठेतल्या एका वाड्यात माझे पती १९६८ पासून भाडेकरू होते. चार वर्षांपूर्वी ते वारले. भाडे दरमहा १२० रुपये. जुने मालक गेल्यावर त्यांच्या मुलांनी भाडे घेणे बंद केले. दोन महिने मनीऑर्डर केली, ती ‘घेण्यास नकार’ असा शेरा होऊन परत आली, तेव्हा मी पाठवणे सोडून दिले. आता वकिलाची नोटीस आली आहे की २६ महिन्यांचे भाडे थकले आहे, ते द्या आणि जागा सोडा. नोटीस मिळून चाळीस दिवस झाले. शेजारी म्हणतात, उत्तर देऊ नका, उत्तर दिले की थकबाकी कबूल केल्यासारखे होते. मी आता ६९ वर्षांची आहे. काय करावे?

उत्तर : शेजाऱ्यांचा हेतू चांगला असला, तरी या बाबतीत त्यांचे ऐकू नका. तुमच्या हातात अजून पन्नास दिवस आहेत आणि तेवढ्यात तुमची बाजू पुरती सावरता येईल.

कायद्याचे कलम १५ भाडेकरूला मोठे संरक्षण देते. भाडेकरू ठरलेले भाडे आणि कायद्याने मान्य केलेली वाढ देत असेल, किंवा देण्यास तयार व राजी असेल, तोवर थकबाकीच्या कारणावरून त्याच्याकडून जागेचा ताबा घेता येत नाही. मालकाला थकबाकीचा दावा लावायचा असेल तर आधी लेखी मागणी करावी लागते आणि ती नोटीस भाडेकरूला मिळाल्यापासून ९० दिवस उलटल्याशिवाय दावा दाखल करता येत नाही. हे ९० दिवस थकबाकी चुकती करून आपली राजी दाखवण्यासाठी दिलेले आहेत. गप्प बसलेल्या भाडेकरूला या मुदतीचा काही उपयोग होत नाही.

परत आलेल्या दोन मनीऑर्डरींच्या पावत्या जपून ठेवा, तो तुमचा पुरावा आहे. पण त्या दोन महिन्यांनंतर तुम्ही भाडे पाठवलेच नाही, ही तुमच्या बाजूतील खरी कच्ची जागा आहे. ‘मालकच घेत नाही, मग मी कशाला पाठवू?’ असे अनेक भाडेकरू मला विचारतात आणि माणूस म्हणून त्यांचे म्हणणे मला समजते. तथापि न्यायाधीशांसमोर मालक शपथेवर सांगतो की मी कधीही नकार दिला नाही, आणि त्या वेळी तुमच्या बाजूने बोलायला फक्त कागद उरतो. म्हणून नकार आला तरी दर महिन्याला भाडे पाठवत राहणे आणि प्रत्येक नकाराचा कागद ठेवणे हाच भाडेकरूचा मार्ग आहे.

आता हिशेब पाहू. २६ महिन्यांचे १२० रुपयांप्रमाणे ३,१२० रुपये होतात. नोटिशीत घरपट्टीचा वाटा किंवा दरवर्षीची चार टक्के वाढ मागितली आहे का, ते वकिलाकडून वाचून घ्या. ही वाढ कलम ११ नुसार मालकाला करता येते. जी रक्कम निघेल ती, आणि नोटिशीनंतरच्या महिन्यांचे भाडेही, डिमांड ड्राफ्टने स्पीड पोस्टाने मालकाच्या पत्त्यावर आणि त्याची प्रत त्यांच्या वकिलांकडे पाठवा. सोबतच्या उत्तरात चार गोष्टी स्पष्ट लिहा : पतीच्या मृत्यूच्या वेळी तुम्ही त्यांच्याबरोबर याच जागेत राहत होतात, म्हणून तुम्ही भाडेकरू आहात, मालकांनी भाडे नाकारले, तुम्ही पूर्वीही भाडे द्यायला तयार होतात आणि आजही आहात, आणि यापुढे पावती तुमच्या नावे मिळावी, कारण पावती देणे मालकावर बंधनकारक आहे. मागितलेल्या आकड्याबद्दल वाद असेल तर ‘हक्क राखून’ पैसे भरा. भाडेच अवाजवी वाटत असेल तर कलम ८ खाली न्यायालयाकडून प्रमाण भाडे, म्हणजे त्या जागेचे कायदेशीर भाडे, ठरवून घेता येते, परंतु तो वाद आहे म्हणून चालू भाडे थांबवू नका. पाकीट परत आले तर ते न फोडता ठेवा.

एवढे करूनही दावा दाखल झालाच, तर कायदा आणखी एक संधी देतो. दाव्याचे समन्स तुम्हाला मिळाल्यापासून ९० दिवसांच्या आत त्या दिवसापर्यंतचे सर्व भाडे, मान्य वाढ आणि त्यावर दरसाल १५ टक्के सरळ व्याज न्यायालयात भरले, न्यायालय सांगेल तो दाव्याचा खर्च दिला आणि त्यानंतर दाव्याचा अंतिम निकाल लागेपर्यंत नियमितपणे भाडे भरत राहिलात, तर थकबाकीच्या कारणावरून तुमच्याविरुद्ध हुकूमनामा, म्हणजे जागा सोडण्याचा न्यायालयाचा आदेश, होऊ शकत नाही. तुमच्या बाबतीत हे व्याज आजच्या हिशेबाने सुमारे पाचशे रुपये येते. इतक्या वर्षांच्या संसाराची जागा वाचवायला एवढीच रक्कम लागते, आणि तरीही जागा जातात. जातात त्या बहुतेक ‘नियमितपणे’ या एका शब्दापाशी. सुरुवातीची रक्कम घाईने भरली जाते, मग दावा वर्षानुवर्षे रेंगाळतो, वकील बदलतो, घरात आजारपण येते आणि मधले आठ-दहा महिने भरायचे राहून जातात. माझ्याकडे आलेल्या पक्षकारांपैकी काहींची अशी प्रकरणे मी अपिलात पाहिली आहेत आणि तेथे करण्यासारखे फार थोडे उरलेले असते. दर महिन्याचे चलन भरून त्याची पावती एका वेगळ्या वहीत चिकटवा, आणि ही जबाबदारी घरातील एका तरुण व्यक्तीकडे सोपवा.

प्रश्न : मी निवृत्त शिक्षक असून साताऱ्यात माझे वडिलोपार्जित पाच खोल्यांचे घर आहे. पुढच्या दोन खोल्यांत १९७९ पासून भाडेकरू आहेत, भाडे १५० रुपये. मागच्या तीन खोल्यांत आम्ही दोघे, मुलगा आणि माझी अंथरुणाला खिळलेली आई राहतो. मुलाचे लग्न ठरते आहे. भाडेकरूंच्या मुलाने शहरातच फ्लॅट घेतला आहे. मी विनंती केली तेव्हा ‘कोर्टात जा, वीस वर्षे लागतील’ असे उत्तर मिळाले. माझ्या स्वतःच्या घरात मला हक्क नाही काय?

उत्तर : हक्क आहे, पण तो न्यायालयातून घ्यावा लागतो. तुमच्या पत्रातील व्यथा मला अगदी पटते. भाडे कायद्याने निवारा दिला तसा छोट्या घरमालकांवर दीर्घ काळ अन्यायही केला, आणि हे केवळ माझे मत नाही. १९४० च्या सुमाराची भाडी गोठवून ठेवणाऱ्या जुन्या कायद्यातील तरतुदी काळाच्या ओघात अवाजवी ठरल्या आहेत, असे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर १९९७ मध्ये मालपे विश्वनाथ आचार्य प्रकरणात स्पष्ट म्हटले होते.

तुमचा दावा कलम १६(१)(ग) म्हणजे मालकाच्या स्वतःच्या वाजवी व प्रामाणिक गरजेचा आहे. तुम्हाला कशी सोय हवी हे ठरवणारे तुम्हीच, ‘तीन खोल्यांत भागवून घ्या’ असे भाडेकरू सांगू शकत नाही, हे तत्त्व न्यायालयांनी अनेकदा मान्य केले आहे. मात्र गरज ही नुसती इच्छा असून चालत नाही. म्हणून दाव्यात ‘मला जागेची गरज आहे’ एवढे एक वाक्य लिहून थांबू नका. घरात कोण कोण आहे, प्रत्येक खोलीचे माप किती, आईची खाट कोठे आहे, रात्री कोण कोठे झोपते, मुलाच्या लग्नानंतर काय व्यवस्था करायची आहे, हे सगळे घराच्या नकाशासह मांडा. अन्यत्र तुमच्या नावावर घर असेल तर तेही स्वतःहून सांगा. उलटतपासणीत ते बाहेर आले की प्रामाणिकपणाच संशयात येतो.

यापुढची पायरी कलम १६(२) ची, आणि बरेच दावे येथे अडतात. गरज सिद्ध झाली तरी हुकूमनामा दिल्याने अधिक अडचण कोणाला होईल, याची तुलना न्यायालयाला करावी लागते. दोघांपैकी कोणाला दुसरी वाजवी जागा उपलब्ध आहे, हे त्यात पाहिले जाते. जागा सोडावी लागणे ही अडचण प्रत्येक भाडेकरूला होणारच. तेवढ्यावरून पारडे त्याच्या बाजूला झुकत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७९ मध्ये बेगा बेगम प्रकरणात सांगितले आहे. भाडेकरूंच्या मुलाचा फ्लॅट येथे कामी येईल. त्याच्या नोंदणीकृत खरेदीखताची प्रत दुय्यम निबंधकांकडून मिळवा आणि भाडेकरूंनी या वर्षांत दुसरी जागा शोधण्याचा काही प्रयत्न केला का, हे उलटतपासणीत विचारायला वकिलांना सांगा. एका खोलीत तुमची गरज भागते आणि दुसरीत भाडेकरू राहू शकतो असे दिसले, तर न्यायालय केवळ एका खोलीचा हुकूमनामाही देऊ शकते. ही शक्यता मनात धरून ठेवा.

भाडेकरू कुटुंब प्रत्यक्षात फ्लॅटवर राहायला गेले असून तुमच्या खोल्यांना कुलूपच असेल, तर ते स्वतंत्र कारण ठरते. दाव्याच्या लगत आधी सलग सहा महिने योग्य कारणाशिवाय जागा भाड्याने घेतल्याच्या हेतूसाठी वापरली नसेल, तर कलम १६(१) खालीच ताबा मागता येतो. त्यासाठी विजेच्या मीटरचे रीडिंग आणि शेजाऱ्यांची साक्ष लागते. भाडेकरूंच्या अनुपस्थितीत कुलूप मात्र तोडू नका. तसे केल्यास तुमचा चांगला दावाही बिघडेल.

दावा साताऱ्यात दिवाणी न्यायाधीश, कनिष्ठ स्तर यांच्याकडे आणि अपील ३० दिवसांत जिल्हा न्यायालयात. (मुंबईत हेच काम लघुवाद न्यायालय करते आणि अपील त्याच न्यायालयाच्या दोन न्यायाधीशांच्या पीठापुढे चालते.) दुसरे अपील नाही. गरजेच्या कारणासाठी भाडेपट्टा संपवणारी वेगळी नोटीस लागत नाही, हे १९७९ सालीच सात न्यायमूर्तींच्या पीठाने धनपाल चेट्टियार प्रकरणात ठरवले आहे, तरी वाद संपण्याची शेवटची संधी म्हणून एक सभ्य पत्र जरूर द्या.

‘वीस वर्षे लागतील’ या उत्तराने खचून जाऊ नका. दावा चालू असताना मुलाचे लग्न होऊन गेले म्हणून गरज संपली असे न्यायालये सहसा मानत नाहीत. गरज दावा दाखल झाल्याच्या तारखेला पाहिली जाते आणि ती पूर्णपणे नाहीशी करणारी घटना घडली तरच चित्र बदलते. शिवाय ताब्याचा हुकूमनामा झाल्यावर वरच्या न्यायालयातून स्थगिती घेणाऱ्या भाडेकरूला जुन्याच भाड्यावर बसून राहता येईल असे नाही. बाजारभावाशी सुसंगत भरपाई भरण्याची अट न्यायालय घालू शकते, असे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २००४ मध्ये आत्माराम प्रॉपर्टीज प्रकरणात आणि २००९ मध्ये महाराष्ट्रातल्याच सुपरमॅक्स प्रकरणात म्हटले आहे. हा अर्ज करायला घरमालकांचे वकील कधी कधी विसरतात. तुम्ही विसरू देऊ नका.

भाडेकरू तडजोडीला आले तर दोन-तीन वर्षांची मुदत देऊन प्रकरण मिटवणे मी नेहमीच बरे समजतो. त्या तडजोडपत्रात ‘मालकाची प्रामाणिक गरज भाडेकरूस मान्य आहे’ असे कारण लिहिलेले हवे. भाडे कायद्याखाली केवळ संमतीवर ताब्याचा हुकूमनामा टिकत नाही, त्यामागे कायद्यातील एखादे कारण दिसावे लागते. आणि ताबा मिळाल्यावर एका महिन्याच्या आत त्या खोल्यांत राहायला जा. तसे केले नाही, किंवा वर्षभरात त्या दुसऱ्या कोणाला भाड्याने दिल्या, तर कलम १८ खाली जुने भाडेकरू अर्ज करून जागा परत मागू शकतात.

प्रश्न : गिरगावातील चाळीत वडील भाडेकरू होते. ते २०२२ मध्ये वारले. धाकटा भाऊ शेवटपर्यंत त्यांच्याजवळ राहत होता. मी कांदिवलीला राहतो. वडिलांनी मृत्युपत्रात खोली माझ्या नावे केली आहे. मालक म्हणतात, नाव बदलायचे तर पागडीतला वाटा द्यावा लागेल. खोली कोणाची?

उत्तर : तुम्हाला हे उत्तर आवडणार नाही, पण खोलीचे भाडेकरूपण तुमच्या धाकट्या भावाकडे जाते. राहत्या जागेचा भाडेकरू वारला की मृत्यूच्या वेळी त्याच्याबरोबर राहणारी कुटुंबातील व्यक्ती भाडेकरू होते, असे कलम ७(१५)(ड) सांगते. असे कोणी राहत नसेल तरच बाकीच्या वारसांचा विचार होतो. भाडेकरूपण मृत्युपत्राने कोणाला देऊन टाकता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्ये मुंबई भाडे कायद्याखालील एका प्रकरणात ठरवले आहे. पावतीवर कोणाचे नाव आहे याने यात फारसा फरक पडत नाही. भाऊ तेथे खरोखर राहत होता का, याचा पुरावा मात्र लागतो आणि रेशनकार्ड, मतदारयादी, गॅसची नोंद, बँकेचा पत्ता हे त्याचे नेहमीचे कागद.

मालकांना पागडी घेता येते, हे खरे आहे. जुन्या कायद्यात गुन्हा असलेली ही गोष्ट कलम ५६ ने २००० पासून वैध केली. परंतु ती भाडेकरूने आपला हक्क दुसऱ्याला हस्तांतरित करताना मालकाने दिलेल्या संमतीसाठी असते. येथे कोणी हस्तांतरण करत नाही. वारसाने आलेल्या हक्काला मालकाची संमती लागत नाही, म्हणून संमतीचे पैसेही लागत नाहीत. भावाने आपल्या नावे पावती मागणारे पत्र देऊन भाडे पाठवत राहावे. खोलीची आज जी किंमत आहे तीमुळे दोघा भावांत दुरावा येणे मला समजू शकते, तथापि मृत्युपत्राच्या आधारे भावाविरुद्ध दावा लावण्याचा सल्ला मी देणार नाही.

प्रश्न : मी जर्मनीत नोकरी करतो. कोथरूडचा फ्लॅट ११ महिन्यांच्या नोंदणीकृत लिव्ह अँड लायसन्स कराराने दिला होता. मुदत संपून पाच महिने झाले, तरी राहणारे निघत नाहीत आणि ‘आम्हाला भाडे कायदा लागू आहे’ असे सांगतात.

उत्तर : त्यांना तो कायदा लागू आहे, पण त्यातले कलम २४. राहण्यासाठी परवान्यावर दिलेल्या जागेची मुदत संपली की मालक सक्षम प्राधिकाऱ्याकडे, म्हणजे या कामासाठी सरकारने नेमलेल्या अधिकाऱ्याकडे, ताब्यासाठी अर्ज करू शकतो. येथे नेहमीचा दिवाणी दावा नसतो. समन्स मिळाल्यापासून ३० दिवसांत परवानाधारकाने बचावासाठी परवानगी मागायची असते. ती मागितली नाही किंवा मिळाली नाही तर ताब्याचा आदेश होतो. लेखी करारातील मजकूर हाच त्यातील गोष्टींचा निर्णायक पुरावा मानला जातो, आणि मुदतीनंतर राहिलेल्या काळासाठी ठरलेल्या शुल्काच्या दुप्पट दराने नुकसानभरपाई मागता येते. या पाच महिन्यांत खात्यात जमा झालेल्या रकमा ‘भाडे’ म्हणून स्वीकारल्याचे कोठेही लिहून देऊ नका. त्या भरपाईपोटी, हक्क राखून घेतल्या आहेत असे ईमेलने कळवा. येथील नातेवाइकाला मुखत्यारपत्र द्यायचे असेल तर ते भारतीय वाणिज्य दूतावासात साक्षांकित करून पाठवा आणि महाराष्ट्रात पोहोचल्यापासून तीन महिन्यांत त्यावर मुद्रांक शुल्क भरून घ्या. नातेवाइकांनी वीज-पाणी तोडू नये, हेही त्यांना बजावून सांगा.

प्रश्न : नागपुरात वडिलांनी भाडेकरूविरुद्ध आधी भाडे नियंत्रकाची परवानगी घेतली होती. मलाही ती घ्यावी लागेल का?

उत्तर : नाही. ती पद्धत १९४९ च्या आदेशाखालची होती. आता कारण कलम १५ किंवा १६ मध्ये बसत असेल तर थेट न्यायालयात दावा लावता येतो.

प्रश्न : लालबागमधील आमची इमारत महापालिकेने ‘सी-१’ म्हणजे अतिधोकादायक ठरवली आहे. मालकाने महिन्यापूर्वीच पाण्याची जोडणी तोडली. तो म्हणतो की इमारत पाडली की तुमचे भाडेकरूपण संपले. चौदा कुटुंबे घाबरली आहेत.

उत्तर : मालकाचे म्हणणे चुकीचे आहे. महापालिकेने इमारत पाडली म्हणून भाडेकरूचा हक्क नष्ट होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींच्या पीठाने २०१४ मध्ये, महाराष्ट्रातूनच गेलेल्या शहा रतनसी खिमजी प्रकरणात ठरवले आहे. पाण्याबद्दल कलम २९ स्पष्ट आहे : पाणी, वीज, जिन्यातील दिवे, सफाई अशा अत्यावश्यक सोयी मालकाला योग्य कारणाशिवाय तोडता येत नाहीत, आणि तोडल्या तर लघुवाद न्यायालय त्या पूर्ववत करण्याचा हुकूम देऊ शकते. अर्ज चौदाही कुटुंबांनी एकत्र करावा.

मात्र इमारत खरोखर धोकादायक असेल तर हक्काच्या भीतीने तिच्यात राहू नका. अहवालाविषयी शंका असेल तर दुसऱ्या स्ट्रक्चरल इंजिनिअरकडून तपासणी करून घेऊन ती तातडीने महापालिकेपुढे ठेवा. बाहेर पडण्याआधी प्रत्येक खोलीचे मोजमाप आणि भाडेकरूचे नाव असलेली यादी महापालिकेच्या अधिकाऱ्यांकडून नोंदवून तिची सहीशिक्क्याची प्रत प्रत्येक कुटुंबाने घ्यावी, खोल्यांची छायाचित्रे काढावीत आणि जुन्या भाडेपावत्या, वीजबिले व करारपत्रे इमारतीबाहेर सुरक्षित ठिकाणी आजच हलवावीत. रिकामी केलेली खोली मालकाच्या हवाली करत असल्याचे किंवा भाडेकरूपण सोडत असल्याचे कोणतेही पत्र सही करून देऊ नये. महापालिकेच्या नोटिशीमुळे, हक्क राखून, तात्पुरते बाहेर पडत आहोत, एवढेच लिहावे आणि त्याची पोच घ्यावी.